खोलीचा आवाज

रीळ मुकं आहे.
बाउस्काजवळचा रस्ता, ऑगस्ट एकोणनव्वद,
संध्याकाळचे सात वाजायला थोडे कमी.
चित्रण करणाऱ्याकडे लग्नांसाठी घेतलेला जुना कॅमेरा होता
आणि तीन मिनिटांपुरती फिल्म.
आवाज मला भरायचाय.

पावलं सोपी.
पत्र्याच्या ट्रेमध्ये खडी ओतली,
बायकोचे जुने सँडल हातांत घातले
आणि बसल्या बसल्या चाललो सव्वीस जणांची चाल.
त्यात एक लंगडा. त्याला काठी दिली.
झेंड्याला ओली उशीची खोळ,
मोटारीच्या दाराला आमच्या फ्रीजचं दार.

मग माणसं हातात हात घेतात.
टालिनपासून विल्नियसपर्यंत, सहाशे किलोमीटर,
असं निवेदक सांगेल.
माझ्या चौकटीत सव्वीसच.
जन्मभर जीव मुठीत धरून राहिलेली माणसं,
आज मुठीत शेजाऱ्याचा हात.
त्याचा आवाज काय असतो?

माइगा म्हणते, काहीतरी हवं.
दिग्दर्शिका आहे, शांततेला घाबरते.
चामडी हातमोजे चोळून पाहिले: खोगीर वाटलं.
कणकेचा गोळा दाबला: स्वयंपाकघर.

त्या संध्याकाळी मी अकरा वर्षांचा होतो,
याच रस्त्यापासून चार किलोमीटरवर.
शेजारची वेल्टा दार वाजवून गेली,
बसमध्ये दोन जागा आहेत म्हणाली.
वडिलांनी रेडिओ बंद केला, पडदा ओढला
आणि नवे बटाटे सोलायला घेतले.
त्यांच्या भावाला एकदा घेऊन गेले होते,
परत आला तो शिटी वाजवायचा विसरून.
हे मला फार पुढे कळलं.
तेव्हा एवढंच दिसलं, की जेवण होईपर्यंत
आमच्याही घरी हातावर हात होता,
आपलाच, आपल्याच हातावर.
बटाट्यांत शेपू होता. मीठ जास्त झालेलं.

रिळात एका जागी
एक बाई पोराच्या बुटाची नाडी बांधायला वाकते
आणि साखळी तुटते. सात-आठ सेकंद.
पलीकडचा म्हातारा कमरेचा पट्टा काढून
फट सांधतो;
पँट सावरायला त्याला हात उरत नाही.
माइगा हे कापणार होती.
मी म्हटलं, राहू दे, इथे आवाज आहे. बक्कल.

बाकीच्या हातांसाठी,
रात्री सगळे गेल्यावर,
माइकसमोर माझा उजवा हात मी डाव्यात धरला.
तीन मिनिटं.
काटा हलला नाही.
तरी तो ट्रॅक ठेवलाय पावलांच्या खाली,
वडिलांचं नाव देऊन: आर्विड्स.

सकाळी माइगाने विचारलं,
हा रिकामा दिसतोय, पुसू का?

नको, म्हटलं.
खोलीचा आवाज आहे तो.