एकोणतीस

आमच्या खात्यात हिशेब सोपा आहे.
रात्रीचे तीस उंदीर.
एकोणतीस भरले तर ती रात्र खाडा,
पाय कितीही बुडालेले असोत,
टॉर्चचे सेल स्वतःच्या पैशाचे असोत.
नळबाजारामागे, मटणाच्या ओट्यांखाली
पहाटे चारला मी तिसाव्यासाठी उकिडवा बसलोय,
अशा रात्री मोजायच्या तर वेगळं रजिस्टर लागेल.

म्हणून प्रतिज्ञापत्रातला तो शब्द
मी खोतबाईंना दोनदा वाचायला लावला.
भरीव अनुपालन.
म्हणजे काय हो?
म्हणजे, बाई चष्मा पुसत म्हणाल्या, बऱ्यापैकी पाळलंय.

हुकूम साडेतीन ओळींचा, मला पाठ आहे:
सतराही जणांना कायम करा,
पहिल्या हजेरीच्या दिवसापासून,
फरकाच्या रकमेसकट,
बारा आठवड्यांत.

एकेचाळिसाव्या आठवड्यात ओळखपत्रं आली.
खाकी कापड आलं, शिलाई आपली.
गमबूट आले, सगळे आठ नंबरचे.
कायम केलं, पण त्या दिवसापासून.
मागची एकोणीस वर्षं
गटाराच्या झाकणासारखी जागेवर बसवून
वरून डांबर ओतलं.

आणि हरी टेंबुलकरच्या नावापुढे टाइप केलेलं:
मयत असल्याने पालनाचा प्रश्न उद्भवत नाही.
हरीला लेप्टो झाला, ऑगस्टात.
टाचेला चीर होती, बूट नव्हते.
आठ नंबर त्याला बरोबर बसला असता.

हायकोर्टात पंखे लांब दांड्यांनी लोंबतात,
वारा खाली येईतो वकिलांतच संपतो.
आम्ही मागच्या भिंतीला, रात्रपाळीवरून थेट आलेलो.
शर्टाला वास येतोय का, मी हुंगून बघत होतो
तोवर पुकारा झाला.

उपायुक्त उभे राहिले.
बिनशर्त माफी, म्हणाले.
न्यायालयाविषयी नितांत आदर, म्हणाले.
मान खाली, पाठ आमच्याकडे,
कोटावर इस्त्रीची घडी सरळ.

इतके दिवस मला वाटत होतं, अवमान आमचा झालाय.
तसं नसतं. कायद्यात तो कोर्टाचा होतो,
म्हणून माफीही कोर्टालाच मिळते.
हरीची बायको शेवंता मांडीवर डबा घेऊन बसलेली,
तिनं हळूच विचारलं, झालं का?
माफी मागितली, म्हटलं.
कुणाची?
मी पंख्याकडे पाहिलं.

न्यायमूर्ती म्हणाले, मग राहिलंय काय नक्की?
खोतबाई उठल्या. जुनी सेवा, फरक, आणि एक वारस, मिलॉर्ड.
पालिकेचे वकील म्हणाले, फाईल लेखा विभागात आहे.
फाईल आहे म्हटल्यावर
सगळ्यांनाच जरा बरं वाटल्यासारखं झालं.
पुढची तारीख सहा आठवड्यांनी.
शेवंतानं डबा न उघडताच परत पिशवीत ठेवला.

कायम झालो तरी तीस ते तीसच.
त्या रात्री मी एकोणतीस घेऊन चौकीवर गेलो.
तिसावा दिसला होता,
मोरीच्या तोंडाशी, हातभर अंतरावर,
मिशा हलवत माझ्याकडे बघत होता.
काठी हातातच होती.

मुकादम शिर्सेकरानं शेपट्या मोजल्या. पुन्हा मोजल्या.
एक कमी आहे, गमरे.
म्हटलं, भरीव अनुपालन समजा.
तो हसला नाही. त्याला कळलं नसेल,
किंवा कळलं असेल,
पेनाचं टोपण काढायला त्याला जरा वेळ लागला खरा.
मग माझ्या नावापुढे, तांबड्या शाईत:
खाडा.

अक्षर सुरेख आहे त्याचं.