वजनावर

आधी वाटलं, रक्ताच्या नळ्याच वाजतायत
बर्फाच्या डब्यात, रॅकमध्ये,
किनगावच्या गतिरोधकावर.
अडावदला थांबून डब्यात टॉवेल कोंबला,
निघाले. कट्.
डबा चोपड्याला लॅबमध्ये ठेवून
रिकामी गाडी परत नेऊन पाहिली.
कट्.

नव्व्याण्णवची झेन. घेतली तेव्हा चंदेरी म्हणायचे.
ब्रेक दाबला की डावीकडे सरकायची,
तिकडे कुणी ओळखीचं दिसल्यासारखी.
टायरची आतली कड घासून तळहात झालेली,
बाहेरची अजून काटेरी.
वर्षभर मी बाहेरूनच बघत होते.

यावलला रुबाब तडवीचं गॅरेज:
पत्र्याखाली खड्डा,
कडुनिंबाच्या फांदीला इंजिन उचलायची साखळी.
मी लक्षणं सांगायला लागले, तर म्हणाला,
"तुम्ही नका सांगू ताई. तिलेच इचारू."

जॅक. चाक अधांतरी.
तीन आणि नऊवर धरून हलवलं: गप्प.
बारा आणि सहावर धरलं,
आणि चाकानं मान हलवली. टक.
"स्टेअरिंग चांगलं हाय. खालचा बॉल गेला."
मग आर्मच्या मुळाशी पहार घालून हलकेच रेटली.
बुशचं रबर उघडलं:
चैत्रातल्या टाचेसारखं, भेगांभेगांनी,
आत बोट जाईल एवढं.

कधी गेलं असेल हे?
"एका दिवसात नाही जात."
त्यानं बोटं पुसली. "केळीचे ट्रक रस्ता खणू रायले,
वरून शेहेचाळीसचं ऊन.
रबर बोलत नाही, सोसतं.
ते संपलं का मंग लोखंड बोलतं."

मी म्हटलं, सध्या डावाच बदला. महिनाअखेर आहे.
तो माझ्या चपलांकडे बघून म्हणाला,
"एक नवी, एक जुनी घालून चालसान का?"

माल जळगावहून एस.टी.नं आला,
कंडक्टरच्या सीटखाली, परवाच्या पेपरात गुंडाळलेला.
जुना बोल्ट गंजून भिंत झाला होता.
त्यावर डिझेल ओतून सगळे चहाला गेले.
तेवढ्यात मी फोनवर तीन रिपोर्ट सांगितले:
एक शुगर, एक हिमोग्लोबिन,
एक ऐकून पलीकडची बाई हसायलाच लागली.

सिकंदर, सोळा वर्षांचा, नावाएवढा अजून झाला नव्हता.
त्यानं हातोडा उगारला.
रुबाबनं मनगट धरलं. छिन्नी दिली.
बॉल ज्या फटीत अडकला होता
ती फट केसभर रुंद केली फक्त,
आणि बॉल आपसूक खाली आला,
हट्ट सोडलेल्या माणसासारखा.

नवे आर्म चढले. काळे, तेलकट, कुणाचेच नसलेले.
सिकंदरनं पाना लावला, दात आवळून ताकद घेतली.
"थांब."
"का?"
"चाक लटकेल हाय. आत्ता आवळशीन
तं रबर लटकेल अंगातच धरलं जाईन.
खाली उतरली का रोज पिळ खाईन. सा महिन्यात फाटीन."

गाडी खाली घेतली, खड्ड्यावर सरकवली.
"ताई, बसा. डबा घ्या मांडीवर."
पेट्रोल पाव टाकी, मी, माझा डबा, सतरा जणांचं रक्त:
रोजचं वजन.
तो खाली उतरला.
माझ्या तळव्यांखाली कुठेतरी पाना करकरला,
चार वेळा, थांबून थांबून,
मग एकदा शेवटचा.
इतकी वर्षं बसले या सीटवर,
कुणी मला धरून काही आवळलं नव्हतं.

"भुसावळले अलाइनमेंट करून घ्या," तो म्हणाला.
तोवर स्टेअरिंग सरळ रस्त्यावर थोडं तिरकं राहील,
घाबरू नका.

तिरकंच होतं.
साकळीपाशी ब्रेक मारून पाहिला, उगाच. सरळ थांबली.
किनगावचा गतिरोधक आला.
मी श्वास धरला,
पुढची चाकं चढली, उतरली.
कट् नाही.

आणि मग टॉवेलच्या आतून, अगदी बारीक,
किण् किण्.
म्हणजे नळ्याही वाजत होत्या.