चार बोटं माया

जूनच्या पहिल्या आठवड्यात
डिचोलीच्या बाजारात माझ्या दुकानात बसायला जागा नसते.
सरकारी कन्या विद्यालयाची यादी लागते गुरुवारी,
शुक्रवारी शटर वर करायच्या आधीच
पायरीवर तीन-चार आया,
मांडीवर बॉटल ग्रीन कापडाच्या पिशव्या.

परीक्षेला बसतात सहाशे. पाचवीत घेतात चाळीस.
चाळीस स्कर्ट, ब्लाउज त्याच्या दुप्पट,
सव्वीस वर्षांचा हिशेब
मला तोंडपाठ आहे.

माप घेताना पोरी श्वास रोखतात,
जशी काही तोंडी परीक्षा बाकीच आहे.
सोड गो बाय, म्हणते मी, सोड,
इथं कोण नापास होत नाही.
आया सांगतात, माया जास्त ठेवा हां,
सातवीपर्यंत गेला पाहिजे.
मी खाली चार बोटं दुमडते
आणि कच्चा टाका घालते.

ज्या वर्षी खाण बंद पडली
आणि धूळ नसलेला रस्ता आम्हाला ओळखेना,
त्या वर्षी मे महिन्यातच आली घाड्यांची बाई.
नवऱ्याचा ट्रक अंगणात, चाकांखाली दगड,
बोनेटवर दुधीचा वेल.
म्हणाली, मागाहून तुमच्याकडे गर्दी होते ना,
आमच्या सुरक्षाचं आधीच शिवून ठेवा.
पेपर अजून तपासायचेत, हे मी म्हटलं नाही.
पैसे आगाऊ घेतले.
सांगायला हवं म्हणून सांगते: घेतले.

यादीतलं चाळिसावं नाव
साळ गावच्या कुणा परुळेकराच्या मुलीचं,
गुण एकशे त्रेसष्ट.
सुरक्षाला साडेबासष्ट.
अर्धा गुण म्हणजे किती?
मला विचाराल तर पाव बोट.
उसवून सोडला असता.
पण छापील कागदाला माया नसते.

स्कर्ट हँगरवर राहिला.
चवथीचे कपडे त्याच्या पुढे टांगले, मागे टांगले,
त्याला हलवला नाही.

मग एका दुपारी पोरगी एकटीच आली,
तुटलेली चप्पल हातात.
काकी, हा निळा करता येईल?
आमच्या गावच्या शाळेत निळा लागतो.
मी म्हटलं, अगो, हिरव्यावर निळा धड बसत नाही,
नवीन कापड देते, पैसे नकोत.
नको, म्हणाली.
हाच पाहिजे. हा फुकट गेला नाही
एवढं आईला दिसलं पाहिजे.

रात्री जुन्या टोपात रंग उकळला, मूठभर मीठ घातलं,
काठीनं ढवळत बसले.
सकाळी दोरीवर जे निघालं
ते हिरवं नव्हतं, निळंही नव्हतं.
बंद खाणीच्या खड्ड्यात पाणी साठतं,
काठावरून बघितलं तर पोटात गोळा येतो,
तो रंग.
तिनं उन्हात धरून बराच वेळ बघितला.
चालेल, म्हणाली.
मग कमरेला लावून, खाली वाकून
दुमडलेल्या कडेवर बोटं ठेवली,
एक, दोन, तीन, चार.
माझ्याकडे बघितलं. आहेत, म्हणाली.

त्या शाळेची प्रार्थना रस्त्यावरून दिसते.
साखळीच्या बसमधून जाताना
मी निळ्या रांगांत शोधायचे.
शोधावं लागायचं नाही.

सातवीत ती स्कर्ट घेऊन परत आली.
उंच झालेली, आवाज घोगरा,
कपाळावर दोन पुटकुळ्या.
मी कच्चा टाका उसवला
तर घडीच्या आत, जिथं रंग पोचलाच नव्हता,
बोटभर रुंद पट्टी,
कोरी, बॉटल ग्रीन.
मशीन थांबलेलं. पंखा तेवढा करकरत होता.

दिसेल गो ही, मी म्हटलं.
दिसू दे की, म्हणाली,
गुडघे झाकतील ना?