अर्धं दार

नवयुग परमिट रूम मला
साठ वर्षं माहीत होती,
गुडघ्यापर्यंत.

दहीपुलाच्या उतारावर, भांड्यांच्या दुकानाला लागून
हिरवं झुलतं दार, खालून हातभर तोकडं.
त्या हातभर फटीतून दिसलं तेवढंच सांगते.
बायकांनी आत जायचं नव्हतं,
पोरींनी तर नावही काढायचं नव्हतं,
पण बापाला जेवायला बोलवायला
पोरींनाच धाडत.

एदलजी देवळालीचे. गोऱ्या सोल्जरांचं कॅन्टीन होतं,
पलटणी गेल्यावर इकडे आले म्हणे.
मी पाहिले त्यांचे कॅनव्हासचे बूट,
रोज खडूने पांढरे केलेले,
आणि मागे निवृत्ती खैरनारच्या अनवाणी टाचा,
भेगेत चार आणे उभे राहतील अशा.

पगाराच्या दिवशी प्रेसचे लोक यायचे, नाशिकरोडहून,
शेवटच्या बसचा हिशेब मांडत.
दिवसभर नोटा छापायच्या आणि रात्री उधारी.
निवृत्ती म्हणायचा, साहेब, येताना एखादी कोरी तरी आणायची.
हसताना माणसाच्या टाचा उचलल्या जातात,
हे मला तिथं कळलं.

सिंहस्थात पुढचं दार बंद, बोळातलं उघडं.
त्या बोळात एकदा खडावा पाहिल्या.
कोणाच्या, ते नाही सांगणार.

एकोणसत्तरला गोदावरी चढली,
दुतोंड्या मारुती दिसेनासा झाला,
आणि नवयुगच्या बाटल्या वाहून गेल्या.
काही जण म्हणत, वाहिल्या कसल्या,
आदल्या रात्रीच पुराच्या नावावर रिकाम्या झाल्या.
पाणी ओसरलं तेव्हा एदलजींचे बूट गाळाच्या रंगाचे होते.
त्यांनी पुन्हा खडू लावला नाही.
किल्ली निवृत्तीला दिली, पैसे हप्त्यांनी.
हप्ते कधी फिटले
ते दोघांनाही सांगता यायचं नाही.

आप्पा तांबट आळीचे.
सकाळपासून हंड्यांवर ठोके.
पस्तिशीतच कान गेले.
नऊ वाजता मी दाराबाहेर उभी राहायची.
मोठ्यानं हाक मारायची लाज,
एकदाच, पुटपुटल्यासारखं: आप्पा.
आणि ते यायचे. दर वेळी.
आई म्हणायची, लेकीचा आवाज तेवढा पोचतो अजून.
तेच खरं धरून मी मोठी झाले,
लग्न होऊन सिडकोत गेले,
आप्पांना पोचवून आले तेव्हाही तेच धरलं होतं.

मागच्या महिन्यात नवयुग विकली.
नवा मालक वाइनचं काहीतरी काढणार आहे, काचेचं दार लावून.
निवृत्तीच्या नातवाचा फोन आला,
मावशी, टेबलं काढतोय, एखादं हवं तर बघा.

पहिल्यांदा आत गेले.
एवढीशी जागा! सहा टेबलं, एक मोरी,
भिंतीवर पुराची रेघ, तिच्यावर कोणीतरी अडकवलेलं कॅलेंडर.
कपाटात परमिटांचं रजिस्टर, कडा गाळानं तपकिरी.
नाव, वय, धंदा, कारण.
कारण: प्रकृती.
प्रकृती. प्रकृती. पानंच्या पानं प्रकृती.
अख्खं नाशिक आजारी होतं.
फक्त आप्पांच्या नावापुढे एदलजींनी
आपल्या मराठीत लिहिलेलं:
रातच्या कानात ठोका थांबते नाय.

मी कोपऱ्यातल्या टेबलाशी बसले.
फुटलेल्या कडेला तांब्याची पट्टी होती,
ठोके ओळखीचे.
समोर दार.
दाराखाली हातभर रस्ता:
स्कूटीचं चाक गेलं, कुत्र्याचे चार पाय गेले,
मग शाळेच्या बुटातली दोन पावलं येऊन थांबली,
एक मोजा घसरलेला.
आवाज काहीच नाही.

हातात ग्लास नव्हता,
तरी तो खाली ठेवल्यासारखा हात टेकवला
आणि उठले.