जुनी पद्धत

जुलैची एकोणतीस तारीख. साइट नुसती गोल गोल फिरते आहे.
कचरागाडी गाणं वाजवत गल्लीतून निघून गेली,
मी चष्मा पुसतो, परत बसतो.
बोर्डात होतो तेव्हा सेक्शनमधल्या चाळीस जणांची रिटर्नं
मीच भरायचो. मोबदला एक कट चहा.
आता रिटायर होऊन नऊ वर्षं झाली, तरी सुदामा नगरातले लोक
जुलै लागला की फॉर्म सोळा घेऊन येतात,
पत्रिका दाखवायला यावं तसे.

आज शर्वाणीचा. घरचाच.
पीथमपूरची औषधांची कंपनी, क्वालिटी विभाग,
सकाळी सहा पन्नासची बस.
मला मोबाइलवर वाचता येत नाही,
म्हणून तिने पाचही पानं छापून आणलीत,
आणि मी ओळीखाली पट्टी धरून उतरतोय.

व्यवसाय कर आधी बघतो. सवय.
अकरा महिने दोनशे आठ, मार्चमध्ये दोनशे बारा.
अडीच हजार. बरोबर.
चार रुपये मार्चवरच का, हे कुमुद दर वर्षी विचारते
आणि मी दर वर्षी सांगतो, अगं, बाराने भाग जात नाही,
उरलेलं कुणीतरी उचलायचं असतं.

मग पट्टी एक ओळ वर सरकली.
कलम दहा. घरभाडे भत्त्यावरची सूट :
बेचाळीस हजार.

मुलगी राहते इथे.
तिचा टॉवेल आत्ता गच्चीवर वाळतोय.

डोकं थांबत नाही, चाळीस वर्षांची खोड आहे.
मूळ पगाराचा दहावा हिस्सा छत्तीस हजार, तो मिळवला,
अठ्ठ्याहत्तर. भागिले बारा.
महिन्याला साडेसहा हजार.
पूर्ण वर्षभर.
महिन्यातून चार-पाच वेळा नाइट शिफ्ट असते म्हणाली होती.
कंपनीत नाइट शिफ्ट असते का,
हे मी कधी विचारलं नव्हतं.

भाडं लाखाच्या आत, म्हणजे मालकाचं नाव लागत नाही.
सरकारही विचारत नाही.
पावत्या खोट्या असतील तर ती सरकारशी खोटं बोलली.
खऱ्या असतील तर आमच्याशी.
यातलं काय बरं, हे ठरवायला मला
पट्टी खाली ठेवावी लागली.

"पावत्या खऱ्या आहेत?"
"खऱ्या आहेत."
स्वयंपाकघरात कुमुदने मिक्सर लावला.

"कंपनीत जुनी पद्धत का लिहून दिलीस?
तेरा हजार चारशे ऐंशी कापलेत तुझे."
"तुम्ही जुनीच भरता ना, बाबा. मला वाटलं तीच चांगली."

मी नवी निवडली. हिशोबाने तीच योग्य,
तिचा कर शून्य होतो, कापलेला सगळा परत येतो.
पण नव्या पद्धतीत कलम दहाची ती ओळ चालत नाही.
एक बटण दाबलं
आणि बेचाळीस हजार गेले,
साडेसहा हजार गेले, जिना, कुलूप, खिडकी,
जे काय असेल ते गेलं.
पडद्यावर मुलगी पुन्हा घरी राहायला आली.

छापलेलं पान मात्र टेबलावरच होतं.

"पत्ता तोच ठेवू?"
तिने माझ्याकडे पाहिलं. पट्टीकडे पाहिलं.
"तोच ठेवा."

ओटीपी तिच्या फोनवर आला. सहा आकडे,
तिने दोन-दोन करून सांगितले,
लहानपणी पाढे म्हणायची तशा आवाजात.
हिरवी खूण आली.
पोचपावती मी फाइलला लावली, पंच जरा वाकडा बसला.

मिक्सर थांबायच्या आत विचारून घेतलं,
"तिथे नर्मदेची लाइन आहे का?
की टँकर?"

ती बराच वेळ कागद सारखे करत राहिली.
"बोरिंग आहे, बाबा.
पाणी थोडं जड आहे."