मापवही

एव्हारिस्त मोर्वां. गळा एकोणचाळीस, छाती शंभर,
डावा खांदा उजव्यापेक्षा बोटभर खाली.
सन एकावन्न, बियांकूरचा स्टुडिओ, पहिलं माप.
मी सतरा वर्षांची, तोंडात टाचण्या,
म्हणून पहिल्या दिवशी त्याच्याशी बोललेच नाही.

त्या वर्षी तो तीनदा पोलीस झाला, एकदा पाद्री,
एकदा दारातून वाकून "गाडी आलीय, मादाम" म्हणून गेला.
तेवढंच.
हिरोचे कोट नवे शिवायचे. त्याचे गोदामातून यायचे,
आधीच्या कुणाच्या तरी घामासकट.
मी उसवायचे, आत घ्यायचे, सैल सोडायचे.

एक खोड होती त्याला.
कोट अंगावर चढला की विचारायचा,
"सोलांज, या माणसाच्या खिशात काय असतं?"
कॅमेरा काही खिशात बघत नाही, मी म्हणायचे.
"हातांना कळतं ना."
मग द्यायचे शोधून काहीबाही:
नोटरीला चिकटलेली पेपरमिंटची गोळी,
जप्तीवाल्या बेलिफाला लहान मुलाचा एकच मोजा.
पाद्र्याला घोड्यांच्या शर्यतीचं तिकीट दिलं,
त्यावर आम्ही आठवडाभर हसलो.

त्याची आई ब्रेतान्यच्या किनाऱ्यावर
सार्डिनचे डबे भरायची.
ती गेली तेव्हा एप्रनच्या खिशात मीठ निघालं.
नुसतं मीठ.
हे एकदाच सांगितलं त्यानं, मी बटण लावत असताना.

लोक ओळखायचे त्याला, पण भलताच कुणी म्हणून.
लियोंच्या स्टेशनवर एकानं गचांडी धरली:
माझ्या बापाचं कपाट तूच उचलून नेलंस!
यानं माफी मागितली. मनापासून.
विचारलं, कसलं होतं, अक्रोडाचं?
मग त्या माणसाची गाडी चुकली,
आणि कॉफीचे पैसे त्यानंच दिले.

सन अडुसष्ट: गळा एकेचाळीस.
सन एकोणऐंशी: उंची दीड सेंटिमीटर कमी.
तुझी टेप ताणली गेलीय, म्हणाला.
मी हो म्हटलं.

पडद्यावर चोवीस वेळा मेला,
त्यातला एकोणीस वेळा पाठमोरा.
खरा मेला मार्चमध्ये, एका मंगळवारी.
पेपरात चार ओळी, आडनावात एक अक्षर चुकलेलं.

भाचीनं मला बोलावलं, कपडे घालायला.
कपाटात एक निळा सूट, कोरा,
कुठल्याशा पुरस्काराच्या रात्रीसाठी
स्वतःच्या पैशानं शिवलेला.
बक्षीस दुसऱ्याला गेलं होतं,
आणि हा म्हणे ओव्हरकोट न काढताच बसून राहिला.

खिसे अजून कच्च्या टाक्यांनी बंद.
कफनाला खिसा नसतो म्हणतात. नसेल.
मी कात्री काढली.
सहा टाके डावीकडे, सहा उजवीकडे.
आत काय ठेवावं, सुचेना.
हा एकच माणूस मला पुरता माहीत नव्हता.
खिसे तसेच ठेवले, रिकामे, उघडे.

भाची म्हणाली, खांदा वाकडा दिसतोय, आत काही भरू या?
म्हटलं, राहू दे.
तो तसाच आहे.