पुरे

चुरूच्या पुढे, जिथे वाळू अर्धा रस्ता गिळून बसते,
तिथे शेताच्या बांधावर मूंज उभी आहे,
उंटावरचा माणूस झाकला जाईल एवढी.
कार्तिकात रुपेरी तुरे येतात
आणि वारा ते सगळे एकाच बाजूला विंचरतो.

पान धारेचं.
धापी हाताला फडकं गुंडाळूनच विळा चालवते.
धापी म्हणजे पोट भरलं, आता पुरे.
पाचवी मुलगी झाली तेव्हा
बापाने देवाला धाडलेला तो निरोप.
मग सहावी झाली.

कांडं छपराला, मुढ्याला.
शेंड्याची बारीक सिरकी सुपाला.
कांडाला बिलगलेलं म्यान तेवढं सोलून
ती मोगरीने ठेचते, भिजवते, पुन्हा ठेचते,
तळहाताला थुंकी लावून दोर वळू लागते.

मी सांगितलं, माझ्या कमरेला
आठव्या वर्षी हीच बांधली होती, तीन फेरे.
शब्द तेवढा राहिला घरात, गवत आज पाहतोय.
"किती हात लागली?"
सात-आठ असेल.
"एवढ्यात माझी बकरी खुंट्याला कंटाळेल," ती म्हणाली.

लिछमण दम्मामहून नायलॉनची नवार पाठवतो, निळी.
ती म्हशीच्या गळ्यात आहे.
खाटेला मूंज.
उन्हाळ्यात पाठीखालून वारा जातो,
आणि सासरा गेला तेव्हा
त्याला बांधायलाही दुसरं काही चाललं नसतं.

माघात कापणी झाली की बुडखे पेटवतात.
रात्रभर टिब्ब्यावर लाल ठिपके.
मला आपली म्हण आठवली,
सुंभ जळतो, पीळ जळत नाही.
"आमच्यातही म्हणतात," धापी म्हणाली,
"म्हणणाऱ्याने दोर वळलेला नसणार.
जळल्या पिळाला बोट लावून बघ."
मी लावलं. राख.
तिने पायाने काळा बुडखा दाबून दाखवला:
हलला नाही.
याच्याच मुळांनी धरलाय हा टिब्बा,
सासू नवी नवरी होती तेव्हा
तो विहिरीपासून चार पावलांवर आला होता.
अजून तिथेच आहे. चार पावलं.

ऊन खाटेखाली सरकलं.
एक पेड संपत आला,
तसं न बघता
तिने डावीकडच्या ढिगातून चिमूटभर तंतू उचलून
त्यात घातले.
सांधा कुठे आहे
ते मी नंतर बराच वेळ शोधत होतो.